आरोप, जप्ती आणि खरेदीखत



खेड्यात जमिनीचा सौदा ठरू लागला म्हणजे घेणारा मनुष्य आधी विहीर पाहतो, मग धुरा पाहतो आणि अखेरीस विकणाऱ्याच्या घराकडे पाहतो. या घरावर कर्ज किती, भाऊबंदांत वाद आहे काय, असे प्रश्न तो चार माणसांना विचारतो. त्यातच एक प्रश्न हमखास असतो : घरातल्या कुणावर फौजदारी चालू आहे काय? उत्तर होकारार्थी आले की सौदा तरी मोडतो, नाही तर भाव तरी पडतो. ‘खटला चाललेल्याची जमीन कशाला घ्यायची? उद्या सरकार जप्त करील,’ असे पारावरचा शहाणा मनुष्य सांगतो आणि त्याचे म्हणणे सर्वांना पटते. सौंसर तहसिलीतले रामाकोना घ्या, की वरुड-काटोलकडचे एखादे गाव घ्या, संत्र्याच्या बागेचा आणि कपाशीच्या वावराचा व्यवहार या एका शंकेपाशी अडल्याचे पुष्कळांना आठवेल.

या शंकेची किंमत कोण देतो, तेही पाहिले पाहिजे. ज्याच्यावर आरोप आहे त्याला वकिलाची फी द्यायची असते. तारखांना छिंदवाड्यास किंवा सौंसरास खेपा घालायच्या असतात, आणि मिळवता हात तुरुंगात असेल तर घरही चालवायचे असते. पैशाची गरज सर्वांत अधिक असते त्याच वेळी त्याच्या जमिनीचा भाव सर्वांत खाली येतो. म्हणून आरोपीला आपली मिळकत विकता येते काय, हा प्रश्न केवळ कायदेपंडितांचा नाही. त्याचे सरळ उत्तर ‘येते’ असे आहे. पण पारावरच्या शहाण्याची समजूत निराधार होती असेही नव्हे. तिच्यामागे काही शतकांचा अनुभव आहे.

रामाकोना हे कन्हानच्या खोऱ्यातले गाव. हा मुलूख प्रथम देवगडच्या गोंड राजांचा, अठराव्या शतकाच्या मध्यापासून नागपूरकर भोसल्यांचा. तिसरे रघूजी भोसले १८५३ च्या डिसेंबरात वारले आणि १८५४ त राज्य खालसा होऊन तो इंग्रजांकडे गेला. १८६१ त मध्य प्रांत निर्माण झाला. १९५६ च्या भाषावार पुनर्रचनेत विदर्भ निराळा निघाला तरी मराठी बोलणारी सौंसर तहसील मध्य प्रदेशातच राहिली, आणि २०२३ पासून ती पांढुर्णा या नव्या जिल्ह्यात मोडते. राज्ये बदलली तशी ‘जप्ती’ या शब्दाची धारही बदलत गेली. शब्द मात्र तोच राहिला.

मराठेशाहीत जप्ती ही निवाड्याच्या आधीच येई. वतनाचा तंटा उभा राहिला की निकाल लागेपर्यंत ते वतन सरकारात अमानत ठेवण्याचा प्रघात होता. वादी-प्रतिवादी दोघांचेही हात त्यावरून निघत. निकाल लागला म्हणजे जिंकणाऱ्याने हरकी द्यावी, हरणाऱ्याने गुन्हेगारी भरावी आणि मग जप्ती मोकळी व्हावी, असा क्रम असे. येथे ‘गुन्हेगारी’ म्हणजे गुन्हा नव्हे. हरल्याबद्दल सरकारात भरावयाचा तो दंड. दिवाणी वादातच जिथे हरणे हा अपराध, तिथे फितव्याचा किंवा खुनाचा आरोप आलेल्याच्या घरादाराची काय कथा? माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने १८१९ त पेशवाईतून जिंकलेल्या मुलखावर जो अहवाल लिहिला, त्यात फौजदारी न्यायाला लेखी संहिता नव्हती हे त्याने नमूद केले आहे. विजेत्याचे मत म्हणून त्यातले काही वजा करावे लागेल. तरीही अधिकाऱ्याच्या मर्जीला पुष्कळ वाव होता, हे खरेच.

तथापि त्याच काळच्या खरेदीपत्रांत एक शब्द पुनःपुन्हा भेटतो : ‘आत्मसंतोषे’. मी आत्मसंतोषे हे वतन तुम्हांस विकत दिले, असे विकणारा लिहून देई. सरकारदेणे, दुष्काळ, दंड अशा कोणत्या तरी कचाट्यात सापडूनच मनुष्य वाडवडिलांची पाटीलकी, निदान तिचा अर्धा हिस्सा, विकावयास निघे. तो संतोष कसला असेल ते आपण समजू शकतो. पण घेणाऱ्याला तो शब्द हवा असे, कारण विकणाऱ्यावर जबरदस्ती झाली नाही, सौदा खरा आहे, भाऊबंदांची संमती आहे, एवढे त्यातून सिद्ध होई. आजच्या न्यायालयातही संकटातल्या माणसाकडून घेतलेल्या खरेदीची कसोटी याहून फार निराळी नाही.

आता इंग्रजांकडे वळू. कारण आपली आजची कायद्याची चौकट त्यांनी घातली. त्यांच्या स्वतःच्या देशात या बाबतीत मराठेशाहीहून कठोर नियम होता. देशद्रोह किंवा तत्सम घोर अपराध शाबीत झाला की गुन्हेगाराची मिळकत राजाकडे जाई. ब्लॅकस्टनने आपल्या टीकाग्रंथात, अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात, त्यातला एक बारकावा सांगितला आहे. जंगम वस्तूंची जप्ती दोषी ठरल्याच्या दिवसापासून लागू होई. पण जमिनीची जप्ती मागे सरकून गुन्हा घडल्या दिवसापर्यंत पोहोचे. म्हणजे आरोपीने दरम्यान घोडा विकला तर तो सौदा टिके, आणि शेत विकले तर ते खरेदीदाराच्या हातून निघून जाई. आपला पारावरचा शहाणा लंडनात जन्मला असता तर त्याची भीती अक्षरशः खरी ठरली असती! हा नियम इंग्लंडने १८७० त कायद्याने काढून टाकला.

हिंदुस्थानात १८६० ची दंडसंहिता १ जानेवारी १८६२ पासून अमलात आली. तिच्या कलम ६१ व ६२ मध्ये मिळकत सरकारजमा करण्याची शिक्षा होती. ती दोषी ठरल्यानंतरची होती, आरोप येताच लागणारी नव्हती. मात्र ती लागली की तिचा विळखा मोठा होता. देहान्ताच्या शिक्षेस पात्र अशा अपराधात सगळी स्थावर-जंगम मिळकत सरकारजमा करता येई. काळे पाणी किंवा सात वर्षे वा त्याहून अधिक कैद झाल्यास तेवढ्या काळचे जमिनीचे उत्पन्न सरकार घेई आणि कुटुंबाला काय द्यायचे ते स्वतःच्या मर्जीने ठरवी. कलम ६१ तर आणखी पुढे गेले. सर्व मिळकत गमावलेल्या बंदिवानाला शिक्षा संपेपर्यंत नवी मिळकतही संपादन करता येत नसे. कायद्यातच एक दृष्टान्त दिला होता : राजाविरुद्ध युद्ध केल्याबद्दल शिक्षा झालेल्या मनुष्याचा बाप मागून वारला, तर मुलाला मिळावयाची ती दौलत सरकारची होते. बापाने काही केले नव्हते. मसुदा लिहिणाऱ्यांना त्यात वावगे वाटले नाही, उलट उदाहरण म्हणून ते समर्पक वाटले.

महाराष्ट्राला या कलमांची धग कळली ती सावरकरबंधूंच्या खटल्यांत. गणेश दामोदर उर्फ बाबाराव सावरकर यांना जून १९०९ मध्ये नाशिकला जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली. डिसेंबर १९१० मध्ये मुंबईच्या विशेष न्यायासनाने विनायकरावांना तीच शिक्षा दिली. दोघांच्याही शिक्षेत सर्व मिळकत सरकारजमा करण्याचा भाग होता. भगूरचे घर गेले. विनायकरावांनी ‘माझी जन्मठेप’मध्ये तुरुंगातल्या आपल्या जवळच्या वस्तूंचीही जप्तीत गणना झाल्याचे लिहिले आहे, डोळ्यांवरचा चष्मा आणि गीतेची चिमुकली प्रतही त्यातून सुटली नाही. सरकारला त्या चष्म्याचे काय करावयाचे होते, देव जाणे. राजकीय कैद्याला आपले काहीएक उरले नाही हे कळावे, हाच त्या शिक्षेचा खरा हेतू असावा, असे मला वाटते. खुनी दरोडेखोराला लावलेल्या कैदेत आणि या जप्तीत फरक आहे. कैद एकट्याला होते. जप्तीत सून, भावजय, धाकटा भाऊ असे सारे घर सापडते.

अखेर १९२१ च्या सोळाव्या अधिनियमाने कलम ६१ व ६२ रद्द झाली. राजाविरुद्ध युद्धाच्या कलमातही ‘मिळकत सरकारजमा’ यांच्या जागी ‘दंड’ आला. या दुरुस्तीकडे इतिहासकारांचे लक्ष फारसे गेलेले नाही. १९२१ म्हटले की असहकार आठवतो. पण या देशातल्या शेतकऱ्याच्या दृष्टीने ही लहान गोष्ट नव्हती. तेव्हापासून, दंडसंहितेच्या सर्वसाधारण नियमाने, कितीही मोठा गुन्हा शाबीत झाला तरी त्यासाठी सगळी मिळकत जात नाही. दंड झाला तर दंडापुरती जाते.

मग ज्याच्यावर नुसता आरोप आहे, त्याचे काय? १८७२ चा करार अधिनियम सांगतो की सज्ञान असावे, शुद्धीवर असावे आणि कोणत्याही कायद्याने अपात्र ठरलेले नसावे, म्हणजे करार करता येतो. १८८२ चा मालमत्ता हस्तांतरण अधिनियम म्हणतो की करार करण्यास जो पात्र, त्याला आपली हस्तांतरणीय मिळकत देता येते. या दोहोंत ‘आरोपी’ हा शब्द कोठेच नाही. मिळकतीविषयी दिवाणी दावा चालू असेल तर मधल्या खरेदीला निकाल बांधतो, असे कलम ५२ सांगते खरे. परंतु मारामारीच्या खटल्यात शेताचा हक्क वादात नसतो, म्हणून ते बंधन तेथे लागत नाही. कैदेत असलेल्याने मुखत्यारपत्र करून दिले, तर त्यावरून झालेले खरेदीखतही चालते.

अपवाद आहे तो फरारी मनुष्याचा. फौजदारी प्रक्रियेच्या १८९८ च्या संहितेत कलम ८७ ते ८९ हे प्रकरण होते. १९७३ च्या संहितेत ते ८२ पासून आले, आणि १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते ८४ पासून सापडते. आकडे बदलले, गाभा तोच. वॉरंट चुकवून दडून बसलेल्याला निदान तीस दिवसांची मुदत देऊन हजर होण्याचा जाहीरनामा काढतात. तो गावात मोठ्याने वाचतात, घरावर डकवतात. नंतर न्यायालय मिळकत जप्त करू शकते, आणि सारा भरणारी जमीन असेल तर ती जप्ती जिल्हाधिकाऱ्यामार्फत होते. रामाकोन्याच्या शेतकऱ्याला जप्तीची गाठ पडेल ती पटवाऱ्याच्या कागदावर, एवढे यावरून ध्यानात ठेवावे. दुसऱ्या कुणाचा त्या मिळकतीत हक्क असेल तर त्याने सहा महिन्यांत तो सांगावा. फरारी मनुष्य दोन वर्षांच्या आत परत आला आणि आपण वॉरंट चुकवण्यासाठी लपलो नव्हतो असे त्याने पटवून दिले, तर मिळकत, विकली गेली असल्यास उरलेली रक्कम, त्याला परत मिळते. ही शिक्षा नव्हे. दावणीतून सुटलेल्या जनावराच्या गळ्यातली ती लांब दोरी आहे.

आपल्याकडे शेतजमीन पुष्कळदा एकट्याची नसतेच. ती वडिलोपार्जित, एकत्र कुटुंबाची असते आणि तेथे मिताक्षरा बोलते. कल्याणीच्या चालुक्यांच्या काळी विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर ही टीका लिहिली. जन्मतःच मुलाचा हक्क उत्पन्न होतो, हा तिचा पाया. बापाचे कर्ज मुलाने फेडावे असे शास्त्र म्हणते, पण त्याला अपवादही सांगते : दारू, द्यूत आणि कामासक्ती यांपायी केलेले कर्ज, तसेच बापाचा भरावयाचा राहिलेला दंड, मुलाने देण्याचे कारण नाही. बापाच्या अपराधाचा बोजा मुलाच्या शिरावर टाकू नये, हा विचार आपल्या शास्त्रकारांना सुचला होता. कलम ६१ चा दृष्टान्त लिहिणाऱ्यांनी याज्ञवल्क्य चाळला असता तर बरे झाले असते.

पण याची दुसरी बाजू अधिक रोचक आहे. कर्त्याला एकत्र कुटुंबाची जमीन विकावयाची तर ‘कायदेशीर गरज’ दाखवावी लागते. लग्न, सारा, कुटुंबाचे पोषण या गरजा सर्वांनाच ठाऊक आहेत. कुटुंबप्रमुखावर फौजदारी आरोप आला आणि बचावासाठी पैसा उभा करणे भाग पडले, तर ती गरज कायदेशीर की नाही? १९१२ च्या निर्णयसंग्रहात छापलेल्या बेनी राम विरुद्ध मान सिंग या खटल्यात अलाहाबाद उच्च न्यायालयाने ती कायदेशीर मानली, आणि मुल्लांच्या हिंदू कायद्यावरील ग्रंथात गंभीर आरोपातील बचावाचा खर्च गरजांच्या यादीत कायमचा जाऊन बसला. घरातला मनुष्य फासावर किंवा काळ्या पाण्यावर जाऊ नये, ही साऱ्या घराची गरज आहे, असा त्याचा अर्थ. ज्या खर्चासाठी आरोपीने जमीन विकू नये असे पारावर म्हणतात, तोच खर्च जमीन विकण्याचे रास्त कारण म्हणून न्यायालयाने स्वीकारला. २००५ च्या दुरुस्तीनंतर मुलीही या मिळकतीत जन्मतः वाटेकरी आहेत. तेव्हा अशी खरेदी करणाराने त्यांचीही चौकशी करावी.

मध्य प्रांताच्या शेतकऱ्याला तर आणखी एक अनुभव आहे. त्याचे हात बांधले होते ते गुन्ह्यामुळे नव्हे, कुळपणामुळे. मालगुजारीच्या काळात गावाचा मालक मालगुजार, आणि १९२० च्या कूळकायद्याखाली मौरुसी कास्तकाराला आपले शेत वारसांच्या वर्तुळाबाहेर विकण्याची सुरुवातीला मुभा नव्हती. निष्कलंक मनुष्य शेत विकू शकत नसे आणि खटल्यात अडकलेला मालगुजार गाव विकू शके! ३१ मार्च १९५१ रोजी मालगुजारी संपली; १९५९ च्या भूराजस्व संहितेने शेतकरी भूमिस्वामी झाला. तीच संहिता कलम १६५ मध्ये आदिवासी भूमिस्वामीला अडवते : अधिसूचित क्षेत्रात बिगर-आदिवासीला जमीन मुळीच देता येत नाही, इतरत्र जिल्हाधिकाऱ्याच्या परवानगीवाचून नाही. अडवणुकीचा हेतू रक्षणाचा आहे आणि तो योग्य आहे. पण यावरून हे दिसते की विक्रीचा हक्क कायदा सहसा मनुष्याच्या चारित्र्यावरून ठरवीत नाही.

गेल्या ऐंशी वर्षांत मात्र वारे काहीसे फिरले आहे. महायुद्धात सरकारी पैशाची लूट वाढली म्हणून १९४४ त एक अध्यादेश निघाला. त्याने लाच आणि अपहार अशा प्रकरणांत निकालापूर्वीच जिल्हा न्यायाधीशामार्फत जप्तीची सोय केली. मौज अशी की अध्यादेश सहसा काही महिन्यांचा पाहुणा. हा मात्र युद्धकाळच्या एका विशेष तरतुदीमुळे मुक्कामालाच राहिला. त्यात गुन्ह्यानंतर झालेली खरेदीही तपासता येते, परंतु जिने खरा मोबदला दिला आणि जी सद्भावनेने झाली ती खरेदी वाचते. महाराष्ट्राने १९९९ त ठेवीदारांच्या रक्षणाचा कायदा केला. मनी लाँडरिंगविरोधी २००२ च्या कायद्याने तर अधिकाऱ्याच्या हुकुमावर १८० दिवसांची तात्पुरती जप्ती आणली. नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०७ खाली पोलिसांनी अर्ज केल्यास न्यायालय चौदा दिवसांची नोटीस देऊन गुन्ह्यातून मिळवलेली मिळकत जप्त करू शकते. लुबाडलेल्यांचे पैसे परत मिळावेत, हे कुणीही मान्य करील. पण ‘गुन्ह्यातून मिळवलेली’ हे दोन शब्द येथे निर्णायक आहेत. आजोबाच्या संत्रीबागेला ते लागू पडत नाहीत. ती जप्ती आणि मराठेशाहीतली अमानत यांचे गोत्र एकच नाही काय, हा प्रश्न मी तुमच्यापुढे ठेवतो. माझ्या मते निदान नाते आहे.

पोलिसांच्या बाबतीत मात्र रेषा स्पष्ट झाली आहे. तपासात संशयास्पद वस्तू ताब्यात घेण्याचा जो अधिकार त्यांना १९७३ च्या संहितेच्या कलम १०२ ने दिला होता, त्यात घर आणि जमीन येते काय? मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१० त बहुमताने ‘नाही’ म्हटले. नेवाडा प्रॉपर्टीज विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २४ सप्टेंबर २०१९ रोजी तोच निष्कर्ष कायम केला : पोलिसाने जंगम वस्तू घ्यावी, हक्काचे कागद घ्यावेत, पण घराला कुलूप ठोकून ते आपल्या ताब्यात ठेवू नये. नोव्हेंबर २०२४ मध्ये त्याच न्यायालयाने, कुणी आरोपी आहे एवढ्यावरून त्याचे घर पाडता येणार नाही आणि पाडकामापूर्वी पंधरा दिवसांची नोटीस पाहिजे, असेही बजावले. तो निर्णय देणाऱ्या दोन न्यायमूर्तींपैकी एक, भूषण गवई, अमरावतीचे.

लबाडीला अर्थातच वाव नाही. दंड किंवा जप्ती टाळण्यासाठी मेव्हण्याच्या नावे खोटे खरेदीखत केले तर तो स्वतंत्र गुन्हा होतो. जुन्या दंडसंहितेचे कलम २०६ त्यासाठीच होते, नव्या न्याय संहितेतही ती तरतूद आहे. धनकोंना बुडवण्यासाठी केलेले हस्तांतरण दिवाणी न्यायालयात मोडता येते. तेव्हा घेणाऱ्याने खटल्याचे नाव ऐकून पळू नये. जप्तीचा हुकूम आहे काय ते खसऱ्यात आणि न्यायालयात पाहावे, पैसा बँकेतून द्यावा, भाव बाजारचा द्यावा. पडत्या भावाने घेतलेले शेतच पुढे संशयाला जागा देते.

जाता जाता एका कागदाविषयी सांगतो. मध्य प्रदेशात प्रत्येक भूमिस्वामीला ऋणपुस्तिका मिळत आली. आरोपीला जामिनावर सोडवायचे तर कुणी तरी जामीनदार लागतो आणि तो आपली ऋणपुस्तिका घेऊन न्यायालयात उभा राहतो. तिच्यावर जामिनाची नोंद होते. आरोपी बाहेर येतो, आपले शेत विकावयास मोकळा असतो. आणि ज्याच्यावर कसलाही आरोप नाही अशा त्या शेजाऱ्याला पुढे बँकेकडे कर्ज मागताना किंवा शेताचा सौदा करताना आपल्या पुस्तिकेवरचा तो शेरा आधी समजावून सांगावा लागतो.